चांगल्या कानाची बाजू

गेल्या रविवारी व्हिडिओ कॉलवर तू विचारलंस, आणि तुझ्या आईला उत्तर ठाऊक नव्हतं. तुमच्या जिन्यात पणजोबांचा फोटो आहे, चामड्याची टोपी काखेत धरलेला. तो महायुद्धाच्या वर्षांतला. मग बाकीचे सगळे लढायला गेले असताना हे अमेरिकन फुटबॉल कसे खेळत होते? तुझी शाळेच्या संघात निवड झाल्यापासून मित्र तो फोटो बघायला येतात, त्यातल्याच एकाने हे विचारलं म्हणे. धाकटीही मागे उभी राहून ऐकत होती, म्हणून दोघांसाठी लिहिते. मराठीत लिहिते, कारण यातलं एक वाक्य मला इंग्रजीत तेव्हाही नीट सांगता आलं नव्हतं. आई वाचून दाखवेल.

तुमच्या बाबांचे हे अमेरिकेतले आजोबा मी एकदाच पाहिले, तुमच्या आईबाबांच्या लग्नात. बाकी पाहुणे स्टेशनजवळच्या हॉटेलात होते. ऐंशी ओलांडलेल्या माणसाला जिने नकोत म्हणून त्यांना आमच्याकडे, मुलुंडच्या तळमजल्यावरच्या घरात उतरवलं. खांदे इतके रुंद की आमच्या दारातून ते जरा तिरके होऊन आत आले. नाक मोडून एका बाजूला बसलेलं, बोटं वाकडी, आणि बोलणं मात्र शाळेतल्या गुणी मुलासारखं हळू.

घरात माझे सासरे होते, म्हणजे तुमचे दुसरे पणजोबा. त्यांना मी मामंजी म्हणत असे. कोकणातून सैन्यात गेलेले, महायुद्धात इटलीपर्यंत पोचलेले, आणि परत आल्यावर गिरणीत जन्म काढलेले. हॉलमध्ये त्यांचा गणवेशातला फोटो होता. तुमच्या आजोबांनी तो मोठा करून हौसेने लावला होता.

मला घरात प्रत्येक गोष्टीची जागा ठरलेली लागते. त्यावरून तुम्ही हसता. तुमच्या बाबांनी आधीच सांगून ठेवलं होतं की आजोबांना डाव्या कानाने काही ऐकू येत नाही. म्हणून मी जेवणाच्या टेबलावर त्यांची खुर्ची अशी मांडली की उजवा कान टोकाला बसणाऱ्या मामंजींकडे यावा. पहिल्या रात्री ते त्या खुर्चीपाशी क्षणभर थांबले आणि समोरच्या बाजूला जाऊन बसले. बहिरा कान मामंजींकडे. मला वाटलं, पंख्याचा वारा नको असेल. दुसऱ्या दिवशी मी पंखा बंद करून ताट पुन्हा पहिल्या जागी ठेवलं. त्यांनी ते उचललं, मला सॉरी म्हणाले आणि पुन्हा पलीकडे बसले.

मग लग्नाच्या आदल्या संध्याकाळी तुमच्या बाबांनी फोन केला. व्याहीभेटीला दोन्हीकडचे ज्येष्ठ एकमेकांना आलिंगन देतात, तर आजोबांऐवजी वडील उभे राहिले तर चालेल का, असं ते अवघडून विचारत होते. मामंजींच्या कानावर ते गेलं, आणि रात्रभर ते माझ्याशीही बोलले नाहीत. सकाळी चूळ भरताना एवढंच म्हणाले की गिरणी कामगाराला भेटायची त्या साहेबाला लाज वाटत असेल, तर तसं सांगा म्हणावं, मी मंगल कार्यालयात येतच नाही.

त्या सकाळी नाश्त्याला घावणे होते. घरातली बाकीची मंडळी कार्यालयात गेलेली, टेबलाशी आम्ही तिघंच. मामंजींनी चहाची बशी खाली ठेवली आणि मला म्हणाले, "लढायेत खंय होतंस, इचार त्येका."

विचारण्यात खोच नव्हती, हे मला ठाऊक होतं. इटलीत त्यांच्या शेजारच्याच छावणीत अमेरिकन शिपाई असत. हा त्यांच्यातलाच कोणी निघाला तर रुसवा सोडायला एक निमित्त मिळालं असतं. पण मला भीती वाटली. मी प्रश्न मऊ करून विचारला की त्या वर्षांत तुम्ही कुठे राहत होता. पणजोबांनी मान हलवली.

"त्यांनी हे विचारलं नाही," ते म्हणाले. "हॉलमधला फोटो पाहिल्यापासून मी या प्रश्नाची वाट बघतोय. आता मी सांगतो ते जसंच्या तसं सांगा."

लहानपणी कान फुटला होता. भरतीच्या डॉक्टरने आत बघून घरी पाठवलं. शेजारच्या गावात जाऊन पुन्हा रांगेत उभे राहिले, तिथल्या डॉक्टरनेही तेच केलं. मग दिवसा विमानांचे भाग बनवणाऱ्या कारखान्यात काम आणि संध्याकाळी सराव. धंदेवाईक संघांतले निम्मे खेळाडू सैन्यात गेलेले, त्यामुळे उरलेल्यांना बोलावणं आलं: एका डोळ्याने अधू असलेला एक, खेळ सोडून शेतीला लागलेला एक, आणि हे. माणसं कमी म्हणून चढाईलाही तेच आणि बचावालाही तेच. इशारे देणारा मधे असे, म्हणून हे रांगेत डावीकडे उभे राहत, म्हणजे चांगला कान त्याच्याकडे. आणि बहिरा कान प्रेक्षकांकडे. ते बरं होतं, असं ते म्हणाले. एवढा धट्टाकट्टा आहेस तर गणवेश कुठे आहे तुझा, असं कोणी ना कोणी दर रविवारी ओरडायचं. भाऊ सैन्यात होता. घरी जेवताना त्याच्याबद्दल बोलणं निघे, यांच्या सामन्याबद्दल नाही.

मी वाक्यामागून वाक्य सांगत गेले. मामंजी घावण्याचा तुकडा हातात धरून बसले होते. मग ते स्वतःचं सांगू लागले, आणि ते मी पहिल्यांदाच ऐकत होते. घरात तांदूळ नव्हता म्हणून ते भरती झाले. छाती मोजली, कान कोणी पाहिला नाही. परत आले तेव्हा गावातली बरोबरीची पोरं बेचाळीसच्या चळवळीत तुरुंगात जाऊन आलेली होती. 'इंग्रजांचो शिपाय' हे नाव गिरणीपर्यंत मागे आलं. तो फोटोही त्यांना कधी आवडला नव्हता. मुलाने हौसेने लावला म्हणून राहू दिला.

मग त्यांनी समोर बोट केलं. "माका इचारल्यानी, गेलंस कित्याक. ह्येका इचारल्यानी, गेलंस नाय कित्याक."

हेच ते वाक्य: एकाला का गेलास म्हणून विचारलं, दुसऱ्याला का गेला नाहीस म्हणून. इंग्रजीत मला त्याची चार वाक्यं करावी लागली. पणजोबांनी पुन्हा सांगायला लावलं आणि मान खाली घालून हसू लागले. हसता हसता चष्मा काढून पुसला. मामंजी कपबशी घेऊन उठले, टेबलाला वळसा घालून पलीकडे गेले आणि त्यांच्या उजवीकडची खुर्ची ओढून बसले.

"ह्या कानान आयकाक येता मां?"

दुपारी व्याहीभेटीला दोघेही उभे राहिले. पणजोबांनी मिठी मारली आणि आमच्या किरकोळ मामंजींना चक्क जमिनीवरून उचललं. गुरुजी अक्षता हातात धरून थांबले.

मित्राला सांग की ते दोनदा गेले होते, आणि दोन्ही वेळा त्यांना परत पाठवलं. एवढं पुरे. गणवेशाचा फोटो मामंजींनी त्याच आठवड्यात उतरवायला लावला. त्या खिळ्यावर आता आहे तो व्याहीभेटीचा, कॉलवर माझ्या खांद्यामागे तुम्हाला अर्धाच दिसतो तो. पुढच्या रविवारी मी खुर्ची जरा बाजूला घेईन. नीट बघा: मामंजींचे पाय हवेत आहेत, आणि ते उजव्या कानाशी काहीतरी बोलतायत. काय, ते त्या दोघांनी आम्हाला सांगितलं नाही.