परत न येणारं गिऱ्हाईक

तलकाडची वाळू एकदा गाडीत शिरली की निघत नाही. आमचा ड्रायव्हर शिवण्णा रोज संध्याकाळी मॅट झटकतो, सीटखाली फडकं मारतो, आणि सकाळी बघावं तर कोपऱ्यात चिमूटभर आहेच! आमच्या धंद्यातले किस्से तसेच. कुणी मुद्दाम गोळा करत नाही. गिऱ्हाईक आपल्या गावी निघून जातं, किस्सा मागं राहतो.

धंदा म्हणजे गाईडचा. सकाळी म्हैसूरहून निघायचं, बन्नूरवरून सोमनाथपूरचं होयसळांचं देऊळ, तिथून तलकाडची वाळूत गाडली गेलेली देवळं, आणि दिवेलागणीच्या आत घरी. एक गाडी, एक कुटुंब आणि मी. प्रायव्हेट टूर! हातात झेंडा नाही, गळ्यात माईक नाही. तिथं मी इतक्या वेळा गेले आहे की देवळाबाहेरची माकडंसुद्धा मला नावानं ओळखतात, असं शिवण्णा म्हणतो.

घरात मात्र या धंद्याला काडीची किंमत नाही. आम्ही म्हैसूरच्या अग्रहार भागात राहणारे मराठी रंगारी. पिढ्यान्‌पिढ्या कापड रंगवलं, लाकडी ठसे मारले. माझे बाबा त्यातले शेवटचे. काम बंद होऊन बरीच वर्षं झाली, तरी ते ओट्यावर बसून येणाऱ्याजाणाऱ्यांच्या लुगड्याचे काठ तपासतात. माझ्या धंद्याबद्दल त्यांचं एकच म्हणणं.

"पुट्टी, आमच्याकडं एकदा आलेलं गिऱ्हाईक दसऱ्याला परत यायचं. मत्ते, मग त्याची सून यायची, सुनेची सून यायची. तुझं गिऱ्हाईक येतंय, बघतंय, जातंय. परत तोंड दाखवत नाही. परत न येणाऱ्या गिऱ्हाइकाचा कसला धंदा ग?"

पुट्टी म्हणजे मी. केस पांढरे झाले तरी कन्नड पद्धतीनं पुट्टी, म्हणजे छोटीच!

"तुम्ही एकदा चला तरी," असं मी कितीदा म्हटलं असेल. उत्तर ठरलेलं. "सुम्ने, उगीच फुटके दगड बघायला एवढं लांब कोण येतंय?" लांब म्हणजे जेमतेम तासाभराचा रस्ता! जगभरातली माणसं माझ्याबरोबर येऊन तोंडात बोट घालून गेली. मला हवं होतं एकच माणूस, आणि ते ओट्यावरून हलायला तयार नव्हतं.

* * *

पुण्याहून बदली होऊन आलेले एक साहेब होते. बरोबर वहिनी. साहेबांचा सगळा बेत आधीच ठरलेला. सोमनाथपूर अर्धा तास, तलकाड अर्धा तास, मग शिवनसमुद्रचा धबधबा, येताना श्रीरंगपट्टण. "मॅडम, सगळं कव्हर झालं पाहिजे हं!" गाडीत बसल्यापासून त्यांचं तोंड बंद नाही. पेट्रोल, पार्किंग, पुण्यातले उड्डाणपूल, काही म्हणता काही सोडलं नाही.

देवळाच्या मंडपात शिरल्यावर मी फक्त म्हटलं, "वर बघा."

तिथं दर चौकोनातलं छत वेगळं. कुठं दगडाचं केळफूल उलटं लोंबतंय, कुठं पाकळीत पाकळी, तिच्या आत आणखी पाकळी. साहेबांनी मान वर केली ती खाली येईना. मान दुखायला लागली तेव्हा त्यांनी खिशातला रुमाल जमिनीवर पसरला, त्यावर डोकं टेकलं आणि सरळ आडवे झाले! वॉचमन धावत आला. "काय झालं? चक्कर आली?" साहेबांनी पडल्यापडल्या ओठांवर बोट ठेवलं.

बराच वेळ गेला. मी वहिनींना हळूच म्हटलं, "तलकाडला उशीर होईल."

वहिनी माझा हात धरून म्हणाल्या, "मॅडम, लग्न झाल्यापासून हा माणूस पहिल्यांदा गप्प बसलाय. तलकाड राहू दे, धबधबा राहू दे. पडू दे त्याला तिथंच!"

घरी येऊन बाबांना सांगितलं. पोट धरून हसले. मग डोळे पुसत विचारलं, "परत येतो म्हणाले का?"

"नाही."

"अल्ल! नाही ना, मग!"

* * *

म्हैसूरच्याच मेटगळ्ळीत वर्कशॉप असलेले एक मालक आले होते. परदेशातून आलेल्या पाहुण्याला काहीतरी दाखवायचं म्हणून आले, स्वतःला यात रस नाही हे त्यांनी गाडीतच सांगून टाकलं. पाहुणा मूर्तींचे फोटो काढत पुढं गेला. मालक मात्र मंडपातल्या एका खांबापाशीच अडकले.

ते खांब गोल घोटलेले आहेत. कंगोऱ्यावर कंगोरे, आणि धार अशी की कालच काढल्यासारखी. "हे कुठल्या मशीनवर केलं?" त्यांनी विचारलं.

"दगड फिरवून घोटलाय, असं म्हणतात. मशीन कुठलं तेव्हा?"

"एवढा दगड? फिरवला? कुणी?"

त्यांनी खांबाभोवती एक फेरी मारली. मग उलटी फेरी मारली. गुडघ्यावर बसून एक डोळा मिटून कंगोऱ्याची रेघ बघितली. मग बाहेर गेले आणि वर्कशॉपला फोन लावला. "आज लेथ बंद ठेवा. नाही रे, मशीनला काही झालं नाही. मलाच झालंय!"

* * *

एक जपानी बाई होत्या. वयस्कर, एकट्या, अगदी मोजकं बोलणाऱ्या. तलकाडला झाडांतून वाळूवरून चालत जावं लागतं. मधेच वाळू खणून काढलेलं एखादं देऊळ खाली दिसतं, जमिनीत कुणीतरी जपून ठेवल्यासारखं. मी माझं नेहमीचं वाक्य म्हटलं, "अजून किती देवळं वाळूखाली आहेत, कुणालाच ठाऊक नाही."

बाई थांबल्या. "आत्ता माझ्या पायाखाली असू शकेल?"

"असू शकेल."

त्यांनी बूट काढले, हातात घेतले. एक पाऊल टाकलं. दुसरा पाय उचलला आणि तो तसाच हवेत धरून माझ्याकडं बघत राहिल्या. चेहऱ्यावर अगदी खरी काळजी. "मग हा कुठं ठेवू?"

तेव्हापासून मीही तिथं चपला हातात घेऊन चालते. शिवण्णा हसतो, पण एकदा मी मागं वळून बघितलं तर त्याच्याही चपला हातात होत्या.

* * *

शिवण्णा बन्नूरचा. सोमनाथपूर त्याच्या आजोळच्या वाटेवर, त्यामुळं त्याला त्या देवळाचं कौतुक बेताचंच. एकदा एक पाहुणे मला वर्षं विचारत होते. कधी बांधलं, कुणाच्या काळात, किती वर्षं लागली. मी सांगत होते. त्यांचं समाधान होईना, म्हणून त्यांनी बाहेर आल्यावर शिवण्णाला विचारलं, "तू इथलाच ना? तू सांग, किती जुनं असेल?"

शिवण्णानं विचार केला. "सर, माझ्या आजाला मी हेच विचारलं होतं. तो म्हणाला, 'माझ्या आजानं मला सांगितलं, आम्ही लहान होतो तेव्हाही हे जुनंच होतं!'"

पाहुणे परत आत गेले. या वेळी एकही प्रश्न विचारला नाही.

* * *

आणि ती बंगळूरची मुलगी! आजोबांबरोबर आलेली, शाळकरी, कंटाळलेली. आईस्क्रीम कधी, एवढाच तिचा प्रश्न. मी तिला एका मूर्तीच्या पायाशी नेलं. तिथं कोरणाऱ्यानं स्वतःचं नाव कोरलंय. अशी नावं त्या देवळात बऱ्याच मूर्तींखाली आहेत.

"म्हणजे परीक्षेच्या पेपरवर नाव लिहितात तसं?" तिचे डोळे मोठे झाले. मग ती एकेका मूर्तीखाली वाकून नावं शोधत सुटली. आईस्क्रीम विसरली. शेवटी धापा टाकत आजोबांकडं आली. "आजोबा, यांना मार्क किती मिळाले?"

आजोबांनी टोपी काढली, वर शिखराकडं बघितलं. "अजून तपासतायत, बाळ. एवढी माणसं रोज येतात ती कशाला!"

हा किस्सा मी बाबांना मोठ्या आशेनं सांगितला. ते काठ तपासायचे थांबले. "नावं कोरली म्हणतेस?"

"हो."

"कापडावर आम्हाला नाव टाकू देत नव्हते," एवढंच म्हणाले. मी वाट बघत राहिले, पण त्या दिवशी त्यांनी नेहमीचा प्रश्न विचारला नाही.

* * *

मग एक दिवस गिऱ्हाइकानं ऐन वेळी कॅन्सल केलं. आदल्या दिवशी मसाला डोसे जरा जास्तच झाले होते म्हणे! सकाळची वेळ, गाडी दारात, इंजिन चालू. मी चिडून शिवण्णाला म्हटलं, "जा घरी."

शिवण्णा महाबेरकी. तो ओट्याकडं वळून मोठ्यानं म्हणाला, "यजमान्रे, तुमच्याकडं भट्टी पेटली आणि कापड आलंच नाही तर काय करत होता?"

हा आमच्या घराण्याचा कडक नियम. रंगाची कढई एकदा तापली की ती रिकामी थंड होऊ द्यायची नाही. काहीच नसलं तर घरातलं जुनं धोतर टाकायचं, पण काहीतरी रंगलंच पाहिजे. सगळ्या गल्लीला हा नियम ठाऊक, शिवण्णाला तर पाठ!

बाबांनी चालू गाडीकडं बघितलं. माझ्याकडं बघितलं. मग गुडघ्यावर हात टेकून उठले. "आयतु, चला. जुनं धोतर समजून मला टाका!"

इतक्या लोकांसमोर पोपटासारखी बोलणारी मी, आणि आज गाडीत पहिलं वाक्य मनात तीनदा घोकलं!

देवळात पोचल्यावर मी कशीबशी सुरुवात केली, "बाबा, हे देऊळ होयसळ राजांच्या..." त्यांनी हातानंच थांबवलं. त्यांची नजर देवळावर नव्हतीच. ती खाली होती, पायथ्याशी, जिथं सगळ्यात खालच्या थरात हत्तींची आणि तिच्या वर घोड्यांची रांग देवळाच्या कोनाकोनांतून वळत जाते.

"काठ चांगला आहे," ते म्हणाले. "जोड शोधतो."

ठशाचं काम करणाऱ्याची ही जन्माची खोड. काठ छापताना ठसा पुढं पुढं सरकतो. दोन ठसे मिळतात तिथं जोड, तेच चित्र फिरून येतं. जोड लपवील तो कारागीर, आणि दुसऱ्याचा जोड पकडील तो त्याच्याहून वरचा. बाबा उकिडवे बसले आणि हत्तींकडं बघत कडेकडेनं सरकू लागले. धोतराला धूळ लागली. लोक बघायला लागले. मी म्हटलं, "बाबा, गुडघे दुखतील." ऐकायलाच तयार नाहीत. "थांब ग. ठसा म्हटला की जोड आलाच. सापडतो की नाही नोडु, बघच!"

ते कोपऱ्यामागं दिसेनासे झाले. बऱ्याच वेळानं दुसऱ्या बाजूनं आले, एक हात कमरेवर, चेहरा उतरलेला.

"पुट्टी, यांनी ठसाच वापरला नाही ग."

"बाबा, दगड आहे तो."

"ते कळतंय मला! पण एक हत्ती जमल्यावर दुसरा तसाच काढावा, असा मोह कुणालाच झाला नाही? एवढी रांग! एकाची सोंड दुसऱ्यासारखी नाही. एकाचं पाऊल दुसऱ्यासारखं नाही." त्यांनी एका सोंडेवर हात ठेवला. "मी जन्मभर एकच मोर छापला ग."

'एक हत्ती दुसऱ्यासारखा नाही' हे वाक्य मी दर टूरला म्हणते. त्या दिवशी ते मी पहिल्यांदा ऐकलं. मी त्यांच्या शेजारी खाली धुळीतच बसले, आणि आम्ही दोघं हत्ती बघत राहिलो.

येताना शिवण्णानं बन्नूरला उसाचा रस पाजला. बाबांनी ग्लास हातात तसाच धरून ठेवला होता. शिवण्णानं विचारलं, "यजमान्रे, तलकाड बाकी आहे, जायचं?" त्यांनी मान हलवली, नको. घरी आल्यावर पाय धुतले, ओट्यावर आपल्या जागेवर बसले. समोरून कुणीतरी काठापदराची साडी नेसून गेलं, तिकडं बघितलंसुद्धा नाही.

मी आत जायला निघाले तेव्हा म्हणाले, "उद्या कोण आहे ग गिऱ्हाईक?"

"उद्या कुणी नाही, बाबा. उद्या गाडी रिकामी."

"मग शिवण्णाला सांग सकाळी यायला. आज नुसते हत्ती झाले. घोडे राहिलेत!"