‘आहे’ सापडेना

नाशिकच्या अंबडमधल्या कारखान्यात चहाच्या सुट्टीत आम्ही दोस्त एकमेकांना सांकेतिक मजकूर सोडवायला देत असू. एका अक्षराच्या जागी दुसरे अक्षर, काना-मात्रा मात्र तशाच. कोणते अक्षर किती वेळा येते ते मी मोजायचो. मराठीत त, र, च सारखे येतात आणि वाक्य बहुधा ‘आहे’ने संपते. तेवढा ‘आहे’ पकडला की बाकीची अक्षरे मुकाट्याने हाती लागतात.

सटाण्याला मुलगी बघायला गेलो, तेव्हाही ही फुशारकी मारून झाली. मुलगी कॉलेजात होती, आमच्याशी अगदी शुद्ध बोलली आणि मला बघताक्षणी आवडली. निघताना तिने सुपारीच्या तबकातून एक चिठ्ठी पुढे केली. “सोडवून दाखवा,” म्हणाली. तिच्या वडिलांना मोठे कौतुक वाटले.

नाशिकला येऊन बसलो, तर ‘आहे’ सापडेना! पहिल्या तिन्ही वाक्यांच्या शेवटी एकच अक्षर, त्यावर एक मात्रा. गावाकडचे ‘हे’ असेल असे धरले, तर सगळी खिचडी झाली. सर्वांत जास्त आलेल्या अक्षराला ‘च’ मानले, तरी तेच. इकडे आई होकार कळवायला उतावीळ, आणि मी तर मनातून कधीच हो म्हटले होते.

त्याच आठवड्यात एसटी स्टँडवर एका बाईंनी मला विचारले, “भाऊ, सटानानी गाडी हाईच शे का?”

मी कपाळावर हात मारला. शे! म्हणजेच ‘आहे’. पाहुण्यांशी शुद्ध बोलणारीने लिहिले होते घरच्या अहिराणीत. मी ‘च’ समजत होतो तो ‘न’ होता. घर गाठले आणि ओळी भराभर उलगडल्या.

‘माले शिकनं शे. माले परीक्षा देनी शे. माले नोकरी करनी शे.’ इथवर मी खूश होतो. शीक की, कोण अडवतंय! पुढे होते, ‘माले आते लगीन करनं नही. तुमीच नही सांगा.’

म्हणजे नकार आमच्याकडून जायला हवा होता. पत्रिका जुळत नाही असे कळव, म्हणून मी आईला सांगितले. पत्रिकेचे नाव घेतले की मुलीला कुणी बोल लावत नाही.

“अरे, दिवा घेऊन शोधलीस तरी अशी मिळायची नाही,” आई चिडली.

“ठाऊक आहे,” मी म्हणालो. फार वाईट वाटत होते. चिठ्ठी सुटलीच नाही असे भासवून होकार दिला असता, तर कुणालाच काही कळले नसते. तीही एवढेच समजली असती, की नवरा नुसत्या बाता मारतो.