न्हाणीघराच्या भिंतीवरची बाई

लग्न होऊन मी डोंबिवलीला आले तेव्हा त्या घरातली सगळ्यात नवी वस्तू मीच होते. हा मान मला फार दिवस लाभला नाही. मामंजींनी शॉवर आणला.

मामंजी म्हणजे माझे सासरे. ठाण्याच्या एका शेटजींच्या पेढीवर ते कारकून होते. शेटजींनी नवा बंगला बांधला होता, आणि तिथे कागदपत्रं घेऊन जाताना एकदा मामंजी टांग्यातून उतरले ते थेट चिखलात बसले. शेटजींनी त्यांना आत नेऊन म्हटलं, आधी आंघोळ करून घ्या. मामंजी आंघोळ करून घरी आले ते पार बदलूनच.

"अगं, पाणी वरून पडतं!" ते सासूबाईंना सांगत होते. "आपण नुसतं उभं राहायचं. दोन्ही हात मोकळे!"

"मोकळे हात घेऊन करायचं काय?" सासूबाईंनी विचारलं. त्या तांदूळ निवडत होत्या.

आमच्याकडे नळ नव्हता, परसात विहीर होती. म्हणून न्हाणीघराच्या छपरावर लोखंडी पिंप चढवलं, त्याला नळी जोडली आणि नळीच्या टोकाला शॉवर. पिंपात पाणी चढवायचं काम ह्यांच्याकडे आणि माझ्या दिरांकडे आलं. रोज सकाळी दोघं भाऊ शिडीवरून बादल्या वर नेत, आणि मामंजी खाली उभं राहून दोन्ही हात मोकळे सोडून आंघोळ करत. सासूबाई त्या शॉवरला झारी म्हणायच्या.

झारीचं पाणी मामंजींवर कमी आणि भिंतीवर जास्त पडायचं. त्या भिंतीच्या पलीकडे आमचं स्वयंपाकघर. महिन्याभरात भिंत ओलीगच्च झाली, चुना फुगला आणि फळीवरच्या पापडांच्या डब्याला बुरशी आली. डबा मामंजींच्या पुढ्यात आपटून सासूबाई म्हणाल्या, "तुमची झारी बंद करा, नाहीतर मी चाललेच माझ्या बहिणीकडे कल्याणला."

मामंजींनी झारी बंद केली नाही आणि सासूबाई खरोखरच कल्याणला गेल्या.

मामंजी जरा घाबरले. त्यांनी शेटजींना उपाय विचारला. शेटजी म्हणाले, भिंतीला चिनी मातीच्या लाद्या लावा, थेंब आत जायचा नाही. बंगल्यातून उरलेली खोकी पडलीच आहेत, घेऊन जा. मामंजींनी ती खोकी बैलगाडीत घातली आणि लाद्यांना हिसके बसू नयेत म्हणून गवताच्या पेंढ्यांवर स्वतः खोकी धरून बसले. शीळफाट्याच्या रस्त्याने ते घरी पोचले तेव्हा लाद्या शाबूत होत्या, मामंजी मात्र दोन दिवस पालथे झोपले.

गवंडी जवळच्याच गावचे होते. अर्ध्या डोंबिवलीत त्यांनी शहाबादी फरशा बसवल्या होत्या, पण सगळ्या जमिनीवर.

"भितीवर लादी?" ते म्हणाले. "भितीवर चालनार कोन?"

"चालायचं नाहीये, पाणी अडवायचंय," मामंजी म्हणाले.

गवंड्यांनी मान डोलावली आणि दिवसभर खपून अर्धी भिंत लाद्यांनी मढवली. दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही बघतो तर सगळ्या लाद्या घसरून एकमेकींना टेकून खाली बसलेल्या. गवंड्यांनी एक लादी उचलून उलटसुलट पाहिली. मग म्हणाले, "त्यांना जमिनीची सवय हाय."

मामंजी पुन्हा ठाण्याला जाऊन चौकशी करून आले. लाद्या आधी रात्रभर पाण्यात भिजवायच्या, भिंतही भिजवायची आणि मग सिमेंट लावायचं. घरातली सगळी घंगाळं, परातीसुद्धा, लाद्यांनी भरली. "आपल्याआधी ह्यांचीच आंघोळ," दीर म्हणाले. ह्या खेपेला मात्र लाद्या चिकटल्या. पांढऱ्याशुभ्र, वर हिरव्या वेलींची पट्टी. आम्ही सगळे त्यावरून हात फिरवून आलो.

एक खोकं राहिलं होतं. त्यातल्या लाद्यांवर तुकड्यातुकड्यांनी चित्र होतं. एकीवर कोपर, एकीवर कमळाची पाकळी, एकीवर पदराचा काठ. आम्ही त्या ओटीवर मांडून जुळवायला बसलो. मामंजी, हे, दीर, गवंडी आणि मी. नव्या सुनेने सासऱ्यांसमोर एवढं बोलायची रीत नव्हती, पण "मामंजी, तो कान उलटा आहे" असं मी बोलून गेले आणि कुणी रागावलं नाही. संध्याकाळपर्यंत चित्र जुळलं. गुडघाभर पाण्यात उभी असलेली एक सुंदर बाई, हातात कमळ, कानात झुबे. डोळे मोठे आणि थेट आपल्याकडे रोखलेले. गवंड्यांनी ती शॉवरच्या बरोबर समोरच्या भिंतीवर बसवली.

सासूबाईंना निरोप गेला. त्या आल्या, हातपाय धुवायला म्हणून न्हाणीघरात शिरल्या आणि तशाच बाहेर आल्या.

"ही कोण?"

"चित्र आहे," मामंजी म्हणाले.

"ते दिसतंय मला. कोण आहे ही? लक्ष्मी आहे का?"

मामंजींनी विचार केला. "हातात कमळ आहे. असेल लक्ष्मी."

"मग देवीसमोर तुम्ही उघडेबंब उभे राहणार?"

"छे छे! लक्ष्मीला चार हात असतात. ही साधीच कुणी बाई आहे."

"म्हणजे परक्या बाईसमोर उभे राहणार!"

पुढे कधीतरी मामंजींच्या तोंडून निसटलं, की शेटाणीबाईंनीही ह्याच मुद्द्यावर ते चित्र बंगल्यात लावू दिलं नव्हतं.

तेव्हापासून आमच्या घराची आंघोळ बिघडली. मामंजी त्या बाईकडे पाठ करून उभे राहू लागले, पण मग शॉवरचं पाणी नाकात जायचं आणि त्यांना शिंका यायच्या. ह्यांनी डोळे मिटून आंघोळ करून पाहिली आणि साबणावरून घसरून कोपर फोडून घेतलं. दीर म्हणाले, मला काही वाटत नाही. त्यावर सासूबाई म्हणाल्या, "तुलाच वाटायला हवं, तुझं लग्न व्हायचंय!" मग त्यांनी चित्रावर जुनं पातळ टांगलं. ते भिजून लाद्यांना असं चिकटलं, की बाई आधीचीच परवडली. ते सासूबाईंनीच ओढून काढलं.

शेजारपाजारच्या बायका बघायला येऊ लागल्या. निम्म्या तिला हात जोडायच्या. उरलेल्या, तसे झुबे कुठे मिळतील ते विचारायच्या. शेवटी मामंजींनी आमच्या गुरुजींना बोलावलं. नीट पाहायला हवं, असं म्हणून गुरुजी आत गेले आणि त्यांनी कडी लावली. थोड्या वेळाने शॉवर सुरू झाल्याचा आवाज आला. पिंप रिकामं होईपर्यंत तो थांबला नाही. गुरुजी लालबुंद होऊन बाहेर आले आणि म्हणाले, "शास्त्रात स्पष्ट असं काही नाही. पुन्हा एकदा येऊन पाहावं लागेल."

शिडीवर उभे असलेले हे वरून ओरडले, "काही नको!"

मामंजींनी मग कंटाळून गवंड्यांना बोलावलं आणि चित्र काढून टाका म्हणून सांगितलं. गवंड्यांनी छिन्नी टेकवली, बाईच्या डोळ्यांत पाहिलं आणि छिन्नी पिशवीत टाकली. "माज्यानं नाय होनार. ती बगते."

खरं सांगायचं तर मला ती बाई आवडायची. माणसांनी भरलेल्या त्या घरात आतून कडी लावता येईल अशी माझ्या वाट्याची तेवढीच एक जागा होती. माहेरची आठवण आली की मी तिथे जाऊन तिच्याशी बोलत असे. ती जाणार नाही म्हटल्यावर मला इतकं बरं वाटलं, की तोंडून निघून गेलं, "आई, देवी असो की बाई, बायकांना तिची कसली लाज?"

सासूबाईंनी माझ्याकडे पाहिलं. सून म्हणून मी आता संपले, असं मला वाटलं. मग त्या वळून मामंजींना म्हणाल्या, "बरोबर बोलतेय ती. उद्यापासून पुरुषांनी विहिरीवर आंघोळ करायची."

"अगं, पण शॉवर मी आणला!"

"लाद्याही तुम्हीच आणल्यात."

झालं. दुसऱ्या दिवसापासून मामंजी परसात कुडकुडत तांब्याने अंगावर पाणी घेऊ लागले. सासूबाई पहिल्यांदा झारीखाली गेल्या त्या जाईनाजाईना करत, पाणी वरून आलं तर गुदमरायला होईल म्हणत. आधी आतून नुसता पाण्याचा आवाज आला. मग त्या गाऊ लागल्या. त्या घरात कुणीच त्यांना गाताना ऐकलेलं नव्हतं, मामंजींनीसुद्धा. अंगाला पंचा गुंडाळून ते तसेच दाराशी येऊन उभे राहिले.

"पाणी कसं येतंय गं?" त्यांनी विचारलं.

"छान येतंय हो," आतून उत्तर आलं. "हात अगदी मोकळे राहतात."