पहिला चिरा कोण काढणार

हायकोर्टाचा आदेश हातात आला तेव्हा मला वाटलं, सुटलो. शेजाऱ्याने आमच्या वाटेवर घातलेला गडगा, म्हणजे जांभ्या चिऱ्यांची कुंपणभिंत, तहसीलदारांनी महिन्याभरात काढावा, असं त्यात स्पष्ट लिहिलं होतं. सासऱ्यांना आठवड्यातून दोनदा डायलिसिसला न्यावं लागे. वाट बंद झाल्यापासून दोन गडी त्यांना प्लास्टिकच्या खुर्चीत बसवून व्हाळातून, म्हणजे ओढ्यातून, पलीकडच्या रस्त्यावर नेत. पावसात त्या व्हाळाला असं पाणी येतं की म्हैससुद्धा पाय टाकत नाही. सासरे घरात अडकले की संपलं. नवरा गोव्यात कामाला, शनिवारी येणारा; मुलगा लहान. त्यामुळे ही भीती सगळा आठवडा माझ्या एकटीच्या वाट्याला.

तहसीलदार आले, गडगा बघितला, गेले. पुन्हा जेसीबी घेऊन आले. जेसीबीवाल्याने यंत्र बंद केलं आणि खाली उतरून विडी पेटवली. साहेब त्याच्याशी काहीतरी कुजबुजले आणि सगळे परत गेले. ऑफिसात विचारलं तर म्हणे, मोजणी बाकी आहे. मग पोलीस बंदोबस्त मिळत नाही. मग साहेब मीटिंगला गेलेत. माझं डोकंच फिरलं. साहेबांना वरून कुणाचा तरी फोन आला असणार, याबद्दल मला तिळमात्र शंका नव्हती. कोर्टाची मुदत उलटली, पाऊस जवळ आला, तसं मी वकिलांना म्हटलं, करा अवमान याचिका.

वकिलांनी बजावलं, "यात खातं नाही, माणूस उभा राहतो. साहेबांना स्वतः कोर्टापुढे जावं लागेल. शिक्षाही होऊ शकते." ऐकून बरं वाटलं, आणि घरी पोचेपर्यंत भीती वाटायला लागली. सातबाऱ्यापासून उत्पन्नाच्या दाखल्यापर्यंत आमचं सगळं त्याच ऑफिसात. साहेब बदलून जातील, पण तिथला शिपाईसुद्धा माझं तोंड विसरणार नाही. कुठे गाडी वाजली तरी मी दचकून खिडकीशी जायची.

एका दुपारी खरंच गडग्यापाशी गाडी थांबली. साहेब एकटेच चालत आले. कोर्टाची नोटीस त्यांना मिळाली होती. ऑफिसात खडखडीत पुस्तकी मराठी बोलणारा माणूस आमच्या पडवीत बसल्याबरोबर मालवणीवर आला.

"वहिनी, माका जेलात धाडतास?"

"तुमी गडगो काढूक नाय. मी काय करू?"

"त्या गडग्यात राखणदाराचो फातर आसा."

गावाची राखण करणाऱ्या देवाचा तो दगड पूर्वी वाटेच्या कडेला होता. वर्षातून एकदा त्याला नारळ देतात. शेजारी महा चलाख. गडगा घालताना त्याने चिऱ्यांची रांग बरोबर त्या दगडाला भिडवली. कोर्टाचा कागद कुणीही आणेल, पण पहिला चिरा कोण काढणार? दगड मला ठाऊक होता. पण कागदावर सही-शिक्के मारणारे साहेबही त्याला घाबरतील, हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. साहेब कोकणातलेच, दोडामार्गकडचे. अशा जागेला हात लावायचा नाही, हे आईने लहानपणापासून मनावर ठसवलेलं.

"कोर्टाक काय लिवन देऊ? राखणदार 'नको' म्हणता, असा?" एरवी मला हसू आलं असतं.

मी म्हटलं, "पहिलो चिरो मी काढतंय. मगे तुमी काढशात?"

त्यांनी होकारार्थी मान हलवली.

दुसऱ्या दिवशी सगळ्यांदेखत मी वरचा चिरा ओढून खाली पाडला. तळहात सोलला. मग जेसीबी सुरू झाला. दगड जागेवर राहिला, पण थोडा कलला. सगळ्यांनी ते पाहिलं. पंचनामा झाला, फोटो निघाले, आदेश पाळला म्हणून कोर्टाला कळवायला साहेब मोकळे झाले. जाताना त्यांचा चेहरा आजारातून उठलेल्या माणसासारखा दिसत होता. मला मात्र त्या दिवसापासून नवऱ्याचा फोन उशिरा आला की घाम फुटायचा. मुलाला साधी कणकण आली तरी मी देवासमोर जाऊन बसायची.

डायलिसिसच्या दिवशी रिक्षा थेट आमच्या खळ्यात, दारापुढच्या अंगणात आली. सासऱ्यांना बसवून निघालो. कललेल्या दगडाशी ते म्हणाले, "थांबय रे." धरून उतरवावं लागलं. पिशवीतून त्यांनी नारळ काढला, दगडापुढे ठेवला आणि गाऱ्हाणं घालायला लागले. गाऱ्हाणं एकाने घालायचं आणि प्रत्येक मागणीला बाकीच्यांनी होकार द्यायचा. तो मिळाल्याशिवाय मागणी देवाला पोचत नाही.

"बा देवा म्हाराजा, गडग्याक पयलो हात माझ्या सुनेन लावल्यान. तिका, तिच्या घोवाक, पोराक सांबाळ रे म्हाराजा."

"व्हय म्हाराजा," रिक्षावाला आणि मी म्हणालो.

"आणि तुझो काय कोप आसात, तो माझ्या एकट्याच्या माथ्यार घाल रे म्हाराजा."

रिक्षावाल्याने होकार दिला. मी दिला नाही. सासरे हात जोडून तसेच उभे राहिले, नजर माझ्यावर. हॉस्पिटलची वेळ टळत चालली होती. मी त्यांचा दंड घट्ट धरला आणि म्हटलं, "व्हय म्हाराजा."