आमच्या दोघांचा इंग्रजी शब्द

अकोल्याहून सरकी घेऊन आलेल्या गाडीवानाने बैल सोडता सोडता सांगितलं, "तुमचे सदाशिवभाऊ गेले नं बाप्पा. तापानं गेले." आणि तो बैलांना वैरण टाकायला लागला. महिना होत आला. अमरावतीच्या बाजारातून जाताना अजून वाटतं, गाडीवानाला आणखी काही विचारायला हवं होतं...

आम्ही दोघे एका गोऱ्या व्यापाऱ्याच्या कचेरीत कारकून होतो. अमेरिकेतल्या लढाईमुळे कापसाला सोन्याचा भाव आलेला. जो तो त्याचंच बोलायचा. सदाशिवाला मात्र भलताच नाद. विलायतेला परतलेल्या एका साहेबाने टाकून दिलेली, वाळवीने अर्धी खाल्लेली डिक्शनरी त्याने उचलून आणली होती. संध्याकाळी कापसाच्या गाठींवर बसून तो तिच्यातून एखादा शब्द काढायचा, बापजन्मी कोणाच्या कामी न येणारा, आणि अर्थ मी वऱ्हाडीत सांगायचा. लोक आम्हाला खुळ्यात काढत.

एकदा 'वेलीटी' निघाला. वेलीटी म्हणजे इच्छा, पण इतकी हलकी की तिच्यापायी माणूस जागचा उठत नाही. अर्थ दोघांनाही पसंत पडला. जुंपली ती उच्चारावरून. तो म्हणे 'वेलीटी', मी म्हणे 'वेलायटी'. तो हट्टी, मी त्याहून हट्टी. आम्ही बोलेनासे झालो. शेवटी त्याने धीर करून नव्या साहेबालाच विचारलं. साहेबाने असा शब्द कधी ऐकलाच नव्हता! मला वाटलं, सदाशिव खट्टू होईल. तो तर खुशीत आला. "साहेबाले ठाऊक नाई. मंग हा आपल्या दोघाईचा झाला. जाय, तू म्हनतं तसाच म्हनू."

पुढे लढाई संपली, भाव कोसळले, कचेरी उठली. तो अकोल्याला गेला. कधी भेट झाली की रामराम करायच्या आधी तो पाठ करून ठेवलेला एखादा शब्द टाकायचा. आता घरी मी बोलतो, बाजारात बोलतो, तरी माझं बोलणंच बंद पडल्यासारखं झालं आहे. फार एकटं वाटतं, हे लपवून काय करू?

डिक्शनरी अकोल्याला जाताना तो माझ्याकडेच ठेवून गेला होता. परवा संध्याकाळी ती घेऊन ओट्यावर बसलो. सवयीने शेजारची जागा मोकळी ठेवली. तोच शब्द काढला आणि मोठ्याने, त्याच्यासारखा म्हटला, "वेलीटी..." थोडा वेळ थांबलो. वाद घालायला कोणी नव्हतं. मग अर्थही मीच सांगितला.