मामाचा पहिला प्रेक्षक

आमच्या मामाने अख्ख्या महाराष्ट्राला हसवलं, आणि स्वतःच्या बायकोपुढे मात्र सपशेल हात टेकले. एकलहऱ्याच्या वीज केंद्रातली बरी चाललेली नोकरी सोडून नव्वदच्या दशकात तो टीव्हीसाठी विनोदी मालिका लिहू लागला. लिहायचा नाशिकरोडच्या घरात, बनियनवर, पाय गार पाण्याच्या बादलीत बुडवून. डोकं तापलं की विनोद करपतो, हे त्याचं शास्त्र. प्रत्येक पात्र आधी स्वतः चालून बघायचा. एकदा नायिकेचा रुसवा करत तो ओल्या पायांनी गॅलरीत गेला, तर खालच्या भाजीवाल्याने आस्थेने विचारलं, "काय झालं साहेब, वहिनी बोलल्या का?" ते वाक्य त्याच आठवड्यात मालिकेत गेलं.

लिहिलेला भाग मुंबईला नेण्याआधी मामीला वाचून दाखवायचा, हा त्याचा नेम. मामी देवळ्याची. समोर मेथी निवडत बसायची. मामा पाच-पाच आवाज काढायचा, नसलेलं धोतर सावरायचा. मामीचा चेहरा मात्र पाणी गेलेल्या नळासारखा कोरडा. "नाय बा, अजून जमलं नाय," एवढंच म्हणायची. मामा हिरमुसून पुन्हा बादलीत पाय घालायचा. पहाटेची गाडी चुकायची, मुंबईहून फोनवर फोन यायचे, आणि हा सांगायचा, "प्रेक्षक हसला नाही अजून!" टीव्हीवर त्याच विनोदांना जोडलेलं मशीनचं हसू ऐकलं की म्हणायचा, "यातलं एक तरी हिचं असतं रे!" मला त्याची फार दया यायची, आणि मामीचा रागही.

पुढे रडक्या मालिकांचे दिवस आले. मामाची मालिका बंद पडली, फोन थांबले. एका रिकाम्या दुपारी त्याने माझ्यादेखत विचारलंच, "इतक्या वर्षांत एकदाही हसू आलं नाही तुला?"

मामी मेथीकडे बघतच म्हणाली, "लय यायचं. ओठ चावून बसायचे. मी हसले का, तुम्ही लगेच बॅग भरायचे. मग आठ-आठ दिवस घरात मी एकटीच."

मामा तिच्यापुढची एक जुडी ओढून निवडू लागला, देठं भाजीत आणि पानं कचऱ्यात टाकत.

त्यानंतर एकदा गेलो, तेव्हा तो तिला नवा भाग वाचून दाखवत होता. कुठल्याच वाहिनीने तो मागितला नव्हता. पहिल्याच वाक्याला मामी खळखळून हसली. हे हसू त्याला तेव्हाच मिळायला हवं होतं, असं मला फार वाटलं. मामा थांबला. सवयीने त्याने खुंटीवरच्या बॅगेकडे पाहिलं. मग पान उलटलं आणि पुढे वाचू लागला.