पिशवी काढायची म्हणे

बायकांच्या आजारांवर मी पुस्तकं लिहिते, वस्त्यांमध्ये बैठका घेते. लोक म्हणतात, ताई, तुम्ही फार चिडता. कल्याणजवळच्या मोहन्यातली ती सासू-सून आठवली की वाटतं, मी कमीच चिडले.

सून तिशीच्या आतली. विहाराच्या हॉलमधली आमची बैठक संपली, बाकीच्या बायका गेल्या, ही मात्र सतरंजीवर बसून राहिली. अंगावरून पांढरं जायचं, खाज यायची, ओटीपोटात दुखायचं. कल्याणच्या एका डॉक्टरने सांगितलं होतं, गर्भाची पिशवी काढून टाका, नाहीतर कॅन्सर होईल. सोमवारी ॲडमिट व्हायचं होतं.

"आतून तपासलं का त्यांनी?" मी विचारलं.

"नाही. म्हणाले, दोन मुलं झालीत ना, आता पिशवीचं काय काम?"

दुसऱ्याच दिवशी मी तिला ठाण्यात नौपाड्यातल्या ओळखीच्या डॉक्टरीणबाईंकडे नेलं. सासूही सोबत निघाली. मला वाटलं, पाळत ठेवायला आलीय.

डॉक्टरीणबाईंनी नीट तपासलं, सोनोग्राफी केली. म्हणाल्या, "पिशवी चांगली आहे तुझी. इन्फेक्शन आहे, गोळ्यांनी जाईल. पण नवऱ्यानेही घ्यायच्या, नाहीतर तुला पुन्हा होणार."

परतताना सून मोकळेपणी बोलत होती. सासू गोळ्यांचं पाकीट घट्ट धरून बसली होती.

नवरा टेम्पो चालवायचा. संध्याकाळी त्यांच्या घरी मी त्याच्यासमोर गोळी ठेवली, तर म्हणाला, "मला काय झालंय? बायकांचा आजार आहे, बायकांनी बघावं." मी समजावलं, मग आवाज चढवला. त्यानेही टीव्हीचा आवाज चढवला. बायकोचा अवयव कापायला हा तयार होता, स्वतः एक गोळी गिळायला नाही.

सासूने उठून टीव्ही बंद केला. पाण्याचा तांब्या आणला, गोळी मुलाच्या तळहातावर ठेवली आणि म्हणाली, "गीळ."

त्याने गिळली.

"तोंड उघड."

त्याने उघडलं.

मला रिक्षापर्यंत सोडायला ती आली. कंबरेवर हात ठेवून सावकाश चालत होती. म्हणाली, "ताई, मलापण हेच व्हायचं. त्याच डॉक्टरने माझी काढली. हिच्याच वयाची होते मी. तेव्हापासून कंबर गेली, अंगातून वाफा निघायच्या, रात्ररात्र झोप नाही. घरचे म्हणायचे, नाटकं करते. माझीपण चांगली होती का?"

"तपासल्याशिवाय काढली असेल," मी म्हणाले, "तर बहुतेक चांगलीच असावी."

ती रडली नाही. म्हणाली, "उद्या त्याच्याकडे जाऊ."

गेलो. डॉक्टर हसून म्हणाला, "आजी, इतकं जुनं कसं आठवणार? तेव्हा त्रास होता, तो गेला ना?" मग माझ्याकडे वळून, "तुम्ही डॉक्टर आहात का?"

"नाही. आणि तुम्ही? न तपासता पोट कापता म्हणून विचारते."

त्याने कंपाउंडरला हाक मारली. तो आम्हाला हाताला धरून बाहेर काढू लागला. सासूने हात झटकला आणि बाकावर बसलेल्या बायकांना सांगितलं, "पिशवी काढा म्हणाला तर आधी दुसऱ्या डॉक्टरला दाखवा. मी दाखवली नव्हती." बहुतेकींनी माना खाली घातल्या. एक मुलगी पर्स उचलून आमच्या मागोमाग बाहेर आली.

आम्ही मेडिकल कौन्सिलकडे तक्रार केली. उत्तर आलं की पेशंटची संमती होती. कॅन्सरची भीती घालून घेतलेली संमती. दवाखाना अजून चालू आहे, पाटी नवी केलीय.

सून बरी झाली. हे सगळं मी नव्या पुस्तकात लिहिलं, तेव्हा संपादक म्हणाले, "राग जरा कमी करता येईल का? वाचक बिचकतील." मी एक शब्द बदलला नाही. बिचकू देत. सासू आता प्रत्येक बैठकीला येते, कंबरेला उशी लावून पुढे बसते, आणि तिला काय झालं ते स्वतःच सांगते.